ऊन नको, उजेड हवा : सुब्रत मित्र यांचं छायालेखन

सिनेमाबद्दल बोलायला बसलो की आपण दिग्दर्शकाबद्दल बोलतो, नटनट्यांबद्दल बोलतो, गाणी असली तर संगीतकाराबद्दल हमखास बोलतो. पडद्यावर दिसणारी प्रत्येक गोष्ट कुणीतरी दिसेल अशी केलेली असते, हे मात्र सहसा आपल्या बोलण्यात येत नाही. छायालेखकाचं नाव श्रेयनामावलीत येतं आणि जातं. आजचं व्याख्यान अशाच एका छायालेखकावर आहे. सुब्रत मित्र. ‘पथेर पांचाली’पासून ‘नायक’पर्यंत सत्यजित राय यांचे दहा चित्रपट त्यांनी टिपले. पण त्यांना ‘रायांचे कॅमेरामन’ एवढंच म्हणून थांबलो तर मुद्दा हातातून निसटतो. खोलीत बसलेल्या माणसावर दिवसाचा उजेड कसा पडतो, या एका प्रश्नाचं उत्तर त्यांनी सिनेमापुरतं बदलून टाकलं. आज आपण मुख्यतः त्याच प्रश्नाशी थांबणार आहोत, बाकीचं जाता जाता.

मराठीत आपल्याकडे दोन शब्द आहेत. ऊन आणि उजेड. हा फरक आपण रोज करतो आणि त्याचा विचार कधीच करत नाही. अंगणात ऊन असतं, माजघरात उजेड असतो. उन्हाला दिशा असते, धार असते. उन्हात उभं राहिलं की पायाशी काळीभोर सावली पडते. उजेडाचं तसं नसतं. जुन्या वाड्याचा चौक डोळ्यांसमोर आणा. वर आभाळाचा चौकोनी तुकडा. ऊन फार तर दुपारी तासभर खाली उतरेल, पण दिवसभर तिथं उजेड असतो. तो आभाळाकडून येतो, चुन्याच्या भिंतींवर आपटतो, ओटीवर येतो, तिथून कसाबसा आतल्या खोलीपर्यंत पोचतो. त्या ओटीवर तांदूळ निवडत बसलेल्या बाईची सावली शोधा. सापडणार नाही. चेहऱ्याची एक बाजू जरा उजळ, दुसरी जरा मंद, आणि मधे कुठं रेघ नाही.

आता गंमत अशी, की 1950च्या आसपासच्या सिनेमात घराच्या आत असा उजेड जवळजवळ नव्हताच. घराच्या आतही ऊनच होतं. स्टुडिओत सेट उभा राहायचा, त्याला छत नसायचं, आणि वर चारी बाजूंनी लाकडी फळ्यांचे तराफे बांधून त्यांवर दिवे चढवायचे. एक मुख्य दिवा चेहऱ्यावर, दुसरा त्याच्या सावल्या सौम्य करायला, तिसरा मागून केसांवर, म्हणजे नायिका पार्श्वभूमीपासून सुटी दिसावी. शिवाय भिंतीसाठी वेगळा, पडद्यासाठी वेगळा. हे सगळे दिवे थेट, कडक प्रकाशाचे. फ्लडलाइटखाली रात्रीची क्रिकेट मॅच पाहिली असेल तर आठवा, प्रत्येक खेळाडूच्या पायाशी चार दिशांना चार सावल्या असतात. स्टुडिओत तेच व्हायचं. मग त्या सावल्या लपवण्यासाठी आणखी दिवे. दिग्दर्शक सांगायचा सकाळ आहे, तर सकाळ. पण उजेड खिडकीतून आलाय असं डोळ्यांना कधी पटायचं नाही. आणि खरं म्हणजे कुणाला ते खटकतही नव्हतं. प्रेक्षकांना ती पद्धत सवयीची झाली होती. त्यात फार सुंदर काम झालंय, हेही लगेच सांगायला हवं. त्याकडे आपण थोड्या वेळात येऊच.

सुब्रत मित्र यांचा जन्म 1930चा, कोलकात्याचा. शाळेत असताना मित्रांबरोबर सायकलवरून ब्रिटिश आणि हॉलिवूडचे सिनेमे पाहायला जायचे. डेव्हिड लीनचे ‘ग्रेट एक्सपेक्टेशन्स’ आणि ‘ऑलिव्हर ट्विस्ट’, कॅरल रीडचा ‘द थर्ड मॅन’ हे त्यांचे आवडते. पहिले दोन टिपणारे गाय ग्रीन, तिसरा टिपणारे रॉबर्ट क्रास्कर. म्हणजे पोरवयातच हा मुलगा नटाच्या आधी कॅमेरामनचं नाव वाचत होता. कॉलेजात विज्ञान घेतलं. मनात दोन गोष्टी, वास्तुविशारद व्हायचं किंवा छायालेखक. कॅमेरा असिस्टंटची नोकरी शोधली, मिळाली नाही.

आणि नेमके त्याच सुमाराला फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रेन्वा ‘द रिव्हर’च्या चित्रीकरणासाठी कोलकात्याला आले. सुब्रतबाबूंनी तिथंही काम मागितलं, नकार आला. शेवटी वडील स्वतः मुलाला घेऊन रेन्वांकडे गेले, आणि चित्रीकरण नुसतं पाहण्याची परवानगी मिळाली. नुसतं पाहण्याची! पण हा मुलगा वही घेऊन बसला. कुठला दिवा कुठं, कॅमेरा कुठून कुठं गेला, नट कुठं उभा राहिला, सगळ्याची रेखाचित्रं आणि टिपणं. छायालेखक होते क्लोद रेन्वा, ज्याँ रेन्वांचे पुतणे. एके दिवशी त्यांनाच आधीच्या शॉटच्या प्रकाशयोजनेशी मेळ घालायचा होता, तेव्हा त्यांनी या मुलाची वही मागून घेतली. शिकणाऱ्याला यापेक्षा मोठी पावती काय असते?

त्याच सेटवर सुट्टीच्या दिवशी एक जाहिरात कंपनीतला चित्रकार यायचा. सत्यजित राय. आणि कलादिग्दर्शक युजीन लूरी यांच्या हाताखाली एक तरुण काम करत होता, बन्सी चंद्रगुप्त. पुढं जे त्रिकूट भारतीय सिनेमाचा चेहरा बदलणार होतं, ते असं एका परक्या माणसाच्या सेटवर जमलं. तिघांपैकी एकानंही तोवर स्वतःचा चित्रपट केला नव्हता.

रायांनी 1952 साली ‘पथेर पांचाली’ करायला घेतला तेव्हा त्यांनी सुब्रतबाबूंना छायालेखक व्हायला सांगितलं. वय वर्षं बावीस. त्याआधी सिनेमाचा कॅमेरा त्यांनी हातात धरलेला नव्हता! साध्या कॅमेऱ्यानं फोटो काढायचे, बस्स. यात रायांचं धाडस आहेच, पण व्यवहारही आहे. रायांना प्रत्यक्ष गावात, प्रत्यक्ष पावसात, मिळेल त्या उजेडात चित्रण करायचं होतं. आंरी कार्तिए-ब्रेसाँ या फ्रेंच छायाचित्रकाराची छायाचित्रं दोघांनाही आवडायची. ती कधी दिवे लावून काढलेली नसत. असं करायला स्टुडिओतला अनुभवी कॅमेरामन तयार झाला नसता. पावसात चित्रण होत नाही, असं त्याला अनुभवानं ठाऊक असतं. सुब्रतबाबूंना ते ठाऊक नव्हतं.

‘पथेर पांचाली’ची कहाणी आपल्यापैकी बहुतेकांनी ऐकलेली आहे. काशफुलांच्या शेतात पहिल्या दिवसाचं चित्रण, पुढच्या वेळी जाऊन पाहतात तर गुरांनी फुलं खाऊन टाकलेली, मग पुढच्या वर्षीच्या फुलांपर्यंत थांबणं. पैसे संपणं, शेवटी पश्चिम बंगाल सरकारनं पैसे देणं. 1955मध्ये चित्रपट आला. आज आपल्याला त्यातला एकच धागा हवा आहे. दिवसाचे बरेचसे प्रसंग कोलकात्याजवळच्या बोडाल गावात झाले, खऱ्या उजेडात. रात्रीचे मात्र स्टुडिओत. रात्रीसाठी कडक दिवा चालून जातो, कारण खेड्यात रात्री उजेड येतो तोच कंदिलातून, दिव्यातून, एका ठिकाणाहून. लहानपणी कंदिलासमोर बोटं धरून भिंतीवर हरीण-कुत्री केलेली असतील त्यांना हे सांगायला नको. छोट्या ज्योतीची सावली ठळकच पडते. त्यामुळे या चित्रपटात दिवस आणि रात्र दोन्ही खरे वाटतात, आणि बाउन्स लाइटिंगची अडचण अजून पुढं उभीच राहिलेली नाही.

आणखी एक गोष्ट मधेच सांगून टाकतो, कारण नंतर जागा मिळणार नाही. सुब्रतबाबू सतार वाजवायचे. ‘द रिव्हर’मध्येही त्यांची सतार आहे. ‘पथेर पांचाली’चं संगीत रविशंकरांनी एका बैठकीत, घाईघाईत ध्वनिमुद्रित केलं आणि एका प्रसंगाचं राहून गेलं. मिठाईवाला पुढं, मुलं त्याच्यामागून चाललीयेत, मागं कुत्रं, आणि तळ्याच्या पाण्यात सगळ्यांचं उलटं प्रतिबिंब, तो प्रसंग. त्याचं संगीत छायालेखकानं स्वतः रचून वाजवलं. प्रसंग टिपणारा आणि त्याचं संगीत वाजवणारा माणूस एकच! असं उदाहरण आम्हाला तरी दुसरं आठवत नाही.

आता ‘अपराजितो’. साल 1956. अपूचं कुटुंब गाव सोडून काशीला येतं आणि एका जुन्या घराच्या खालच्या मजल्यावर राहतं. मधे चौक, चारी बाजूंना खोल्या. आपल्या वाड्यासारखंच म्हणा ना. बाहेरचे प्रसंग काशीच्या घाटांवर, गल्ल्यांत झाले. घराचे प्रसंगही खऱ्या घरात करावेत असं ठरत होतं, पण पावसाळ्याची धास्ती होती. तेव्हा बन्सी चंद्रगुप्त म्हणाले, घर कोलकात्याला स्टुडिओत बांधू.

सुब्रतबाबूंनी विरोध केला. त्यांचं म्हणणं साधं होतं. तुम्ही भिंती हुबेहूब बांधाल, दगड खरा वाटेल, पण आभाळ कुठून आणणार? त्या चौकात उजेड येतो तो आभाळाच्या तुकड्यातून, त्याला सावली नसते. स्टुडिओतले दिवे म्हणजे ऊन. काशीच्या गल्लीत खरा उजेड दाखवायचा, आणि अपू उंबरा ओलांडून आत आला की स्टुडिओतलं ऊन? एका पावलात सगळी लबाडी उघडी पडेल. राय आणि बन्सी दोघांनाही मुद्दा समजत होता, पण दुसरा इलाज नव्हता. सेट स्टुडिओतच बांधायचं ठरलं.

मग सुब्रतबाबूंनी काय केलं? त्यांनी आभाळच बांधलं. चौकाच्या वर, जिथं आभाळ दिसायला हवं तिथं, चौकटीवर पांढरं कापड ताणून बसवलं. दिवे खाली, आणि त्यांची तोंडं नटांकडे नव्हे, वर कापडाकडे. दिव्याचा प्रकाश कापडावर आपटतो आणि पसरून खाली उतरतो. नटाच्या दृष्टीनं आता दिवा ही वस्तूच राहिली नाही. त्याच्या डोक्यावर आहे तो उजळलेला, मोठा, पांढरा चौकोन. आभाळासारखाच.

असं का होतं, ते थोडं समजून घेऊ, कारण सगळं मर्म तिथं आहे. सावलीची कड तीक्ष्ण असणं हे दिव्याच्या जोरावर अवलंबून नसतं, आकारावर असतं. दिवा आकारानं लहान असला तर तुमच्या नाकानं तो गालाच्या एखाद्या बिंदूपासून पूर्ण झाकला जातो. तो बिंदू काळा, शेजारचा उजळ, मधे रेघ. प्रकाशाचा उगम मोठा असला, समजा दहा हात रुंद कापड, तर नाक त्याचा थोडासाच भाग झाकू शकतं. गालावर एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे सरकत गेलात तर कापडाचा झाकलेला भाग हळूहळू वाढत जातो. म्हणून उजेड हळूहळू मंद होतो, आणि रेघ पडत नाही. घरी करून बघा. टेबललॅम्प आधी थेट चेहऱ्यावर पाडा, मग भिंतीकडे वळवा. दिवा तोच, पण चेहरा वेगळा.

यालाच बाउन्स लाइटिंग म्हणतात. आज हे इतकं सर्वसाधारण झालंय की मालिकांच्या सेटवर एखादा लाइटमन थर्मोकोलचा पांढरा तुकडा तिरका धरून उभा असतो, दिवा त्यावर मारलेला असतो, आणि कुणाला त्यात काही विशेष वाटत नाही. 1956मध्ये मात्र याची किंमत मोजावी लागत होती. कापडावर आपटलेल्या प्रकाशातला बराच भाग वाया जातो, चारी दिशांना पांगतो. म्हणजे तेवढ्याच उजेडासाठी कितीतरी जास्त दिवे लागतात. त्या काळची फिल्म आजच्या मानानं फारच मंद, तिला भरपूर प्रकाश लागायचा. तो पुरेना म्हणून भिंगाचं तोंड जास्त उघडायचं, तर फोकसची खोली कमी होते; नट वीतभर पुढं झुकला की चेहरा धूसर. दिवे वाढले की खर्च वाढतो, उकाडा वाढतो, वेळ जातो. स्टुडिओतला जाणता माणूस म्हणेल, एवढं करून मिळवलं काय? सावली नाहीशी झाली? ती तर आम्ही आणखी एक दिवा लावून पुसली असती!

पण पुसलेली सावली आणि मुळात न पडलेली सावली, यांतला फरक डोळ्यांना कळतो. आपल्याला तो शब्दांत सांगता येत नाही, एवढंच. ‘अपराजितो’मध्ये हरिहर आजारी पडतो, सर्वजया त्याच्याजवळ बसते, अपू आत-बाहेर करतो. त्या खोल्यांत कोंदटपणा आहे, आणि तो नटांनी अभिनयातून दाखवलेला नाही. उजेड चौकापर्यंत येतो आणि खोलीत शिरता शिरता दमतो. गावाच्या मोकळ्या आभाळातून आलेलं हे कुटुंब आता एका विहिरीच्या तळाशी राहतंय, हे संवादात कुठं येत नाही. पडद्यावर ते प्रत्येक क्षणी आहे. आमच्या मते हेच या कापडाचं खरं काम. पुढच्या वर्षी चित्रपटाला व्हेनिसच्या महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळाला. तिथल्या कित्येकांना काशीचं घर हा सेट आहे हे कळलंही नसेल.

‘हे पहिल्यांदा कुणी केलं?’ हा प्रश्न इथं येतोच. काही वर्षांनी स्वीडनचे स्वेन न्यूक्विस्ट यांनी इंगमार बर्गमन यांच्या ‘थ्रू अ ग्लास डार्कली’च्या निमित्तानं अशा प्रकाशाबद्दल लिहिलं, आणि ते वाचून राय एका मुलाखतीत म्हणाले, की आम्ही तर हे कितीतरी आधीपासून करतोय. फ्रान्समध्ये रावल कुतार छताकडे दिवे वळवून काम करत होते. आमचं मत असं, की पहिलेपणाच्या या वादात फारसं तथ्य नाही. एकाच काळात निरनिराळ्या ठिकाणी माणसांना थेट दिव्यांचा कंटाळा आला होता. पण एक गोष्ट नोंदवायलाच हवी. छायालेखनाच्या जगभरच्या पाठ्यपुस्तकांत न्यूक्विस्ट आणि कुतार यांची नावं ठळक असतात. कोलकात्याच्या स्टुडिओतल्या त्या पांढऱ्या कापडाला तेवढी जागा क्वचितच मिळते. न्यूक्विस्ट यांचं मोठेपण त्यानं कमी होत नाही. आपलं अज्ञान मात्र कमी व्हायला हवं.

आता मघाशी राहिलेली मुंबई. ‘अपराजितो’नंतर तीनच वर्षांनी गुरुदत्त यांचा ‘कागज के फूल’ आला. छायालेखक व्ही. के. मूर्ती. रिकाम्या स्टुडिओत वरून उतरलेला प्रकाशाचा जाड झोत, त्यात तरंगणारी धूळ, आणि वहिदा रहमान व गुरुदत्त. तो झोत दिव्याचा नव्हता. मूर्तींनी मोठे आरसे लावून बाहेरचं खरं ऊन स्टुडिओत आणलं होतं. गंमत बघा. कोलकात्याला सुब्रत मित्र दिव्यांतून आभाळाचा उजेड बनवताहेत, आणि मुंबईला मूर्ती सूर्याचं ऊन आरशावर झेलून दिव्याच्या जागी वापरताहेत. एकाला सावली नको आहे, दुसऱ्याचं सगळं काव्य सावलीत आहे. मूर्तींना पुढं दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला, तो मिळवणारे ते पहिले छायालेखक. कुणाची पद्धत श्रेष्ठ, असं विचारू नका. गुरुदत्तांच्या नायकाला तो झोतच हवा होता. सर्वजयेला तो परवडला नसता.

‘जलसाघर’, ‘अपुर संसार’ आणि ‘देवी’ यांवरून आपण भरभर जाणार आहोत. एवढंच सांगतो, की ‘जलसाघर’मधला संगीताचा दिवाणखाना हाही बन्सी चंद्रगुप्तांनी स्टुडिओत बांधलेला आहे, आणि बाहेरचा राजवाडा मुर्शिदाबाद जिल्ह्यातल्या निमतिता गावचा खरा. दोन्हींतला सांधा शोधून दाखवा.

‘कांचनजंघा’ मात्र जरा थांबून पाहण्यासारखा. 1962 सालचा हा रायांचा पहिला रंगीत चित्रपट. दार्जिलिंगला सुट्टीवर आलेलं एक श्रीमंत कुटुंब, आणि एका दुपारचे शंभरेक मिनिटं. सगळं उघड्यावर, म्हणजे इथं कापड ताणायला जागाच नाही. सुरुवातीला ऊन आहे, मग ढग येतात, मग धुकं उतरतं, शेवटी सगळं निवळून हिमशिखर दिसतं. माणसांचे आपसांतले व्यवहारही त्याच क्रमानं झाकोळतात आणि मोकळे होतात. डोंगरातलं हवामान तासातासाला बदलतं. त्यामुळे ऊन आलं की उन्हातले प्रसंग, धुकं आलं की धुक्यातले, असं काम करावं लागलं. स्टुडिओत उजेड पाहिजे तसा बनवणाऱ्या माणसाला इथं उजेडाच्या मागं धावावं लागलं. रंगाचा वापर इतका शांत आहे, की अर्ध्या तासानं आपण रंगीत चित्रपट पाहतोय हे विसरायला होतं. त्या काळातल्या रंगीत चित्रपटांबद्दल असं म्हणता येणं विरळाच.

आणि मग 1964 साली ‘चारुलता’. आमच्या मते सुब्रतबाबूंचं सर्वांत परिपूर्ण काम. एकोणिसाव्या शतकातलं कोलकात्याचं श्रीमंत घर. हेही बहुतांशी सेटवर. सुरुवातीची सात-आठ मिनिटं संवाद जवळजवळ नाहीतच. चारू एकटी आहे. भरतकाम करते, पुस्तक काढते, ठेवते, मग छोटी दुर्बीण घेऊन एका खिडकीवरून दुसऱ्या खिडकीकडे जाते आणि लाकडी झडपांमधून रस्ता पाहते. खाली माकडवाला, पालखी, छत्री घेतलेला एक लठ्ठ गृहस्थ. ती चालते तसा कॅमेरा चालतो. आता तुम्ही उजेडाकडे लक्ष द्या. खिडकीजवळ येते तेव्हा चेहरा उजळतो, दोन खिडक्यांच्या मधल्या भिंतीशी मंदावतो, पुन्हा उजळतो. प्रत्येक वेळी उजेड खिडकीच्याच बाजूनं. मागून केसांवर मारलेला दिवा नाही, भिंतीवर उगाच सावली नाही. मऊ प्रकाश वापरणाऱ्या नवख्याची एक चूक ठरलेली असते, तो चारी बाजूंनी मऊ प्रकाश भरतो आणि चेहरा पिठाच्या गोळ्यासारखा सपाट होतो. सुब्रतबाबूंचा उजेड मऊ असून दिशाहीन नाही. म्हणून माधवी मुखर्जींच्या चेहऱ्याला गोलाई राहते, आणि घर मोठं असून बंद आहे हे कळतं.

त्यातलाच बागेतला झोपाळा. चारू झोके घेत गाते, अमल गवतावर चटई टाकून पडलेला. इथं कॅमेरा झोपाळ्यालाच बांधलेला आहे. त्यामुळे चारूचा चेहरा पडद्यावर जागच्या जागी राहतो आणि तिच्यामागची सगळी बाग वरखाली होते. जग हलतंय आणि ती स्थिर आहे, की ती हलतेय आणि तिला जग हलल्यासारखं वाटतंय? काही क्षणांनी ती अमलकडे वेगळ्या नजरेनं पाहणार आहे. त्याची तयारी कॅमेऱ्यानं आधीच करून ठेवलेली असते.

याच ‘चारुलता’पासून राय कॅमेरा स्वतः चालवू लागले. आपल्याकडे ही बाब सहसा कौतुकानं सांगितली जाते. राय संगीतही स्वतः द्यायचे, पोस्टरही स्वतः काढायचे, तसंच हे. दिग्दर्शकाच्या बाजूनं पाहिलं तर समजण्यासारखंही आहे. शॉट चालू असताना तो नेमका कसा दिसतोय हे कॅमेऱ्याला डोळा लावलेल्यालाच कळायचं, तेव्हा मॉनिटर नव्हते. पण छायालेखकाच्या बाजूनं विचार करा. ज्या माणसानं त्या खोलीतला उजेड बोटाबोटानं रचला, त्यानं ऐन वेळी बाजूला उभं राहायचं. यात कुणाची चूक होती, असं आम्ही म्हणणार नाही. ‘महानगर’मधल्या मध्यमवर्गीय घराच्या अरुंद खोल्या असोत की ‘नायक’मधला रेल्वेचा डबा, या जोडीचं काम शेवटपर्यंत अव्वल राहिलं. तो डबा हाही सेटच बरं का. खिडकीबाहेर धावणारा मुलूख म्हणजे मागच्या पडद्यावर टाकलेलं चित्र, आणि आतला उजेड त्या चित्राशी जुळवलेला. पण 1966च्या ‘नायक’नंतर दोघं पुन्हा एकत्र आले नाहीत. पुढं रायांचं छायालेखन सौमेंदू राय यांनी केलं. ते सुब्रतबाबूंचेच सहायक होते.

मधल्या काळात ते जेम्स आयव्हरी आणि इस्माईल मर्चंट यांच्याबरोबरही काम करत होते. ‘द हाउसहोल्डर’, ‘शेक्सपिअरवाला’, ‘द गुरू’, आणि 1970चा ‘बॉम्बे टॉकी’, ज्यात त्यांनी मुंबईच्या सिनेमाजगताचं चित्रण केलं. हिंदीत ‘तीसरी कसम’ त्यांचाच. गीतकार शैलेंद्र निर्माते, बासू भट्टाचार्य दिग्दर्शक, कथा फणीश्वरनाथ रेणूंची. 1966मध्ये मुंबईची मोठी चित्रं धडाधड रंगीत होत होती, आणि इथं राज कपूर गाडीवान बनून कृष्णधवल धुळीत बैलगाडी हाकतायत. गाडीच्या छपराखाली बसलेल्या वहिदा रहमानवर उजेड पडतो तो गाडीच्या उघड्या तोंडातून. तारकेसाठी जास्तीचा दिवा नाही. चित्रपट आधी चालला नाही, त्याच वर्षाअखेर शैलेंद्र गेले, आणि मग त्याला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं.

त्यानंतर? त्यानंतर कामं आटत गेली. सुब्रतबाबूंचा लौकिक असा होता की ते वेळ घेतात. उजेड मनासारखा होईपर्यंत शॉट नाही. निर्मात्याच्या दृष्टीनं स्टुडिओचं भाडं, नटांच्या तारखा, सगळं घड्याळावर चालतं. अशा माणसाला कोण बोलावणार? 1970नंतर थेट 1986च्या ‘न्यू दिल्ली टाइम्स’पर्यंत त्यांच्या खात्यावर मोठा कथापट जवळजवळ नाही. आणि त्या एका चित्रपटानं छायालेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवून दिला. म्हणजे हात गेला नव्हता, काम देणारे गेले होते. ज्या माणसानं पंचविशीत काशीचं आभाळ बांधलं, त्याची चाळिशी आणि पन्नाशी बव्हंशी मोकळी गेली. त्यांचा हट्ट जास्त होता की आपल्या चित्रपटसृष्टीचा धीर कमी होता? आम्ही विचाराल तर, दुसरं.

1992 साली ईस्टमन कोडॅकचा जीवनगौरव पुरस्कार त्यांना मिळाला. 1997पासून कोलकात्याच्या सत्यजित राय फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये ते छायालेखन शिकवत होते. 2001 साली ते गेले. ज्या काळात ते तिथं वर्ग घेत होते, त्याच काळात त्यांच्या पहिल्या कामाची मूळ निगेटिव्ह राख झाल्यातच जमा होती. 1993मध्ये लंडनच्या एका प्रयोगशाळेत आग लागली आणि अपूच्या तिन्ही चित्रपटांच्या निगेटिव्ह तीत सापडल्या. उरलेसुरले जळके, वेडेवाकडे झालेले तुकडे अमेरिकेच्या ऑस्कर अकादमीनं टाकून न देता जपून ठेवले. वीस वर्षांनी इटलीतल्या बोलोन्याच्या तंत्रज्ञांनी ते ठिसूळ तुकडे पुन्हा ओलावा देऊन लवचीक केले, चिकटलेले थर सोडवले, फ्रेम फ्रेम स्कॅन केली. ‘पथेर पांचाली’ आणि ‘अपराजितो’चा बराच भाग अशा रीतीनं थेट मूळ निगेटिव्हवरून परत मिळाला; जिथं ती वापरण्याजोगी नव्हती तिथं इतर चांगल्या प्रतींचा आधार घेतला. 2015मध्ये या नव्या प्रती लोकांसमोर आल्या.

हे आज सांगण्याचं कारण आहे. कित्येक वर्षं आपण हे चित्रपट दूरदर्शनवर, घासलेल्या प्रतींत, व्हिडिओ कॅसेटवर पाहिले. करड्या रंगाच्या पन्नास छटांऐवजी दहा उरल्या की पहिला बळी जातो तो उजेडाचा. ऊन कसंही टिकतं, ते ठळकच असतं. तेव्हा नव्या प्रतीच पाहा. आधी ‘अपराजितो’मधलं काशीचं घर, मग ‘चारुलता’ची पहिली आठ मिनिटं. शक्यतो रात्री, खोलीतले दिवे घालवून. आणि टीव्हीच्या सेटिंगमध्ये ‘व्हिव्हिड’ म्हणून एक पर्याय असतो, चित्र भडक करणारा. तो आधी बंद करा.